दुर्गम वनप्रदेश आणि अपंगत्व : भामरागड परिसराच्या अनुषंगाने

१. विषयप्रवेश

अपंगत्व म्हणजे शरीरातील एखादी उणीव, अशी सर्वसाधारण समजूत आहे. पाय नाही, दृष्टी नाही, ऐकू येत नाही, म्हणून मनुष्य अपंग ठरतो आणि त्याच्या अडचणींचे मूळ त्याच्या शरीरातच आहे, असे गृहीत धरले जाते. ही समजूत अपुरी आहे. जागतिक आरोग्य संघटनेने २००१ साली जे वर्गीकरण स्वीकारले, त्यात तीन गोष्टी वेगळ्या केल्या आहेत : शरीराच्या रचनेतील वा कार्यातील वैगुण्य, त्यामुळे हालचालींवर पडणारी मर्यादा, आणि समाजजीवनात भाग घेण्यावर येणारी मर्यादा. पहिलीपासून तिसरीपर्यंत मनुष्य किती वेगाने आणि किती दूर ढकलला जातो, हे बऱ्याच अंशी भोवतालच्या परिस्थितीवर अवलंबून असते, असे या वर्गीकरणाचे प्रतिपादन आहे.

पॅसिफिक महासागरातील पिंगेलाप या लहानशा प्रवाळबेटाचे उदाहरण या दृष्टीने उद्बोधक आहे. सुमारे १७७५ साली झालेल्या भीषण वादळानंतर व त्यामागून आलेल्या उपासमारीनंतर या बेटावर वीसच्या आसपास माणसे उरली. त्यांच्या वंशात एक आनुवंशिक दोष पसरला आणि आज तेथील लोकसंख्येत पाच ते दहा टक्के माणसे पूर्णतः रंगांध आहेत. त्यांना सूक्ष्म तपशील दिसत नाही आणि उजेड डोळ्यांना सहन होत नाही. मात्र अंधुक प्रकाशात त्यांना चांगले दिसते व रात्रीच्या मासेमारीत ती तरबेज मानली जातात. हीच माणसे लहानपणी शाळेत फळ्यासमोर बसतात, तेव्हा मात्र मागे पडतात. डोळा तोच, पण मासेमारीच्या होडीत तो अडसर ठरत नाही आणि दिवसाउजेडीच्या वर्गात ठरतो.

हाच विचार महाराष्ट्राच्या एका वनप्रदेशाला लावून पाहणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. पिंगेलापच्या उदाहरणात परिसराची अनुकूलता आणि प्रतिकूलता या दोन्ही बाजू दिसतात. गडचिरोली जिल्ह्याच्या दक्षिण टोकाकडील भामरागड तालुक्यातही त्या दोन्ही आहेत; परंतु तेथे प्रतिकूलतेचे मुख्य कारण एकच असून ते अंतर हे होय.

२. प्रदेश आणि अंतर

गडचिरोली जिल्हा २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपूर जिल्ह्यातून वेगळा करण्यात आला. क्षेत्रफळ १४,४१२ चौरस किलोमीटर आणि २०११ च्या जनगणनेनुसार लोकसंख्या १०,७२,९४२. म्हणजे दर चौरस किलोमीटरला अवघी ७४ माणसे. जिल्ह्याचा तीन चतुर्थांश भाग वनांखाली आहे. भामरागड हे तालुक्याचे ठाणे जिल्ह्याच्या गावापासून दीडशे किलोमीटरांहून अधिक दूर, इंद्रावती, पामुलगौतम आणि पर्लकोटा या नद्यांच्या संगमापाशी वसले आहे. तालुक्यातील वस्ती प्रामुख्याने माडिया गोंडांची असून ती लहान लहान गावांतून व पाड्यांतून विखुरलेली आहे.

या प्रदेशातील अंतर किलोमीटरांत मोजून भागत नाही. ते ऋतूनुसार बदलते. उन्हाळ्यात जो नाला घोट्याइतक्या पाण्यातून ओलांडता येतो, तोच श्रावणात गाव तोडतो. पर्लकोटेला पूर येऊन तिच्या जुन्या ठेंगण्या पुलावरून पाणी गेले, की खुद्द तालुक्याचे गाव जगापासून तुटावे, हे वर्षानुवर्षे घडत आले आहे. मोठ्या नदीवर उंच पूल झाल्याने मुख्य रस्त्याची अडचण दूर होते. पण आतल्या पाड्यांना अडवणारे नाले त्यामुळे हटत नाहीत. अशा वेळी रुग्णाला खाटेवर निजवून, खाटेची कावड करून, चार गडी खांद्यावर वाहून नेतात.

ही कावड सहसा तातडीच्या आजाराचे साधन म्हणून ओळखली जाते. अपंग व्यक्तीच्या बाबतीत मात्र तो क्वचित येणारा प्रसंग न राहता प्रत्येक प्रवासाची अट होऊन बसतो. तपासणी, दाखला, औषध, बँक, बाजार यांपैकी कोणत्याही कामासाठी चार धडधाकट माणसांचा दिवस मोडावा लागत असेल, तर ती व्यक्ती अशा कामांची संख्याच कमी करीत जाते. याचा अर्थ तिला गरज नाही असा होत नाही. मागणे महाग पडते, एवढाच त्याचा अर्थ.

३. वर्षाचा क्रम आणि शरीराची मागणी

वनप्रदेशातील उपजीविका एका कामावर उभी नसते. पावसाळ्यात धानाची शेती, हिवाळ्यात कापणी व मळणी, मार्च-एप्रिलमध्ये मोहफुले, मे महिन्यात तेंदूपाने, याशिवाय बांबू, चारोळी, कंदमुळे, मासे. यांतील प्रत्येक काम शरीराकडून वेगळी मागणी करते. मोह पहाटे गळतो आणि उजाडण्यापूर्वी झाडाखाली पोचावे लागते. तेंदूपानांसाठी भर उन्हात रानोमाळ हिंडावे लागते. मात्र प्रत्येक कामाला एक घरातली बाजूही आहे. मोहफुले वाळवणे व निवडणे, तेंदूपानांची पुडकी बांधणे, दोर वळणे, धान राखणे, तान्ह्या मुलांना सांभाळणे ही कामे ज्याला फार चालता येत नाही, त्यालाही करता येतात. तेंदूपानांची मजुरी पुडक्यांच्या हिशेबाने मिळत असल्याने, पाने आणणारा आणि पुडकी बांधणारा यांच्या श्रमांची सांगड एकाच घरात घालता येते.

हा या अर्थव्यवस्थेचा मोठा गुण आहे. ठरावीक वेळी ठरावीक ठिकाणी हजर राहण्याची सक्ती करणाऱ्या कारखान्यात किंवा कचेरीत जी व्यक्ती निरुपयोगी ठरेल, तिला येथे कामाचा एखादा भाग उचलता येतो. तथापि या गुणाचे अवास्तव कौतुक करण्याचे कारण नाही. घरातले काम घरातच मोजले जाते. फळीवर पुडकी देऊन मजुरी घेणाऱ्याच्या नावावर ती जमा होते. बसून केलेले काम बहुधा हिशेबात येत नाही. अपंग व्यक्ती स्त्री असेल, तर तिचे काम दुहेरी अदृश्य होते. आणि अपंग व्यक्तीची शुश्रूषा करणारीही बहुतेक स्त्रीच असल्यामुळे तिच्या मोहाच्या व पानांच्या हंगामातील दिवस बुडतात. अपंगत्वाचा भार कुटुंबातील एका व्यक्तीवर पडलेला दिसला, तरी त्याची किंमत दोघे मोजतात.

४. अपंगत्वाची काही कारणे

या प्रदेशात अपंगत्व येण्याची कारणेही परिसराशी निगडित आहेत. येथे तिघांचाच विचार करू.

पहिले कारण सिकलसेल हा रक्ताचा आनुवंशिक विकार. भारतात तो प्रथम १९५२ साली निलगिरी भागातील आदिवासींत आढळला. विदर्भाच्या वनप्रदेशातही तो मोठ्या प्रमाणावर आहे. या विकारात प्राणवायू कमी पडताच तांबड्या पेशी विळ्यासारख्या वाकड्या व ताठर होतात आणि सूक्ष्म रक्तवाहिन्या तुंबतात. आई व बाप या दोघांकडूनही दोष आला तरच पूर्ण विकार होतो. एकाकडूनच आला तर ती व्यक्ती केवळ वाहक राहते आणि तिला हिवतापापासून काही प्रमाणात संरक्षण मिळते. हा संबंध १९५४ साली प्रथम दाखवून देण्यात आला. ज्या रानांत हिवताप पिढ्यान् पिढ्या ठाण मांडून होता, तेथे हा दोष टिकून राहण्याचे कारण यावरून समजते.

विकारग्रस्तांना तीव्र वेदनांचे झटके येतात. कालांतराने खुब्याच्या हाडाचे टोक झिजून लंगडेपणा येऊ शकतो. काहींना पक्षाघात होतो. शरीरातील पाणी कमी होणे, अतिश्रम, थंडी आणि संसर्ग यांमुळे झटका ओढवतो. आता वर सांगितलेला वर्षाचा क्रम आठवावा. मे महिन्यात उन्हात तेंदूपाने तोडणे, श्रावणात भिजत रोवणी करणे, पौषात पहाटे खळ्यावर जाणे ही कामे म्हणजे नेमकी झटक्याची कारणे होत. दोन झटक्यांच्या मधल्या काळात हीच व्यक्ती बाहेरून धडधाकट दिसते. त्यामुळे कामाला न येणारा तरुण आळशी ठरतो. दिसत नसलेले अपंगत्व हे दिसणाऱ्या अपंगत्वापेक्षा समाजाला समजावून देणे अवघड असते. अपंग व्यक्तींच्या हक्कांच्या २०१६ च्या कायद्याने अपंगत्वाच्या प्रकारांची संख्या सातावरून एकवीसवर नेताना सिकलसेलचाही समावेश केला, त्याचे महत्त्व यात आहे. हायड्रॉक्सियुरिया या औषधाने झटके कमी करता येतात. परंतु ते घेणाऱ्याचे रक्त वरचेवर तपासावे लागते. म्हणजे औषध पाड्यात पोचले तरी प्रयोगशाळा पाड्यात पोचत नाही, आणि उपचार पुन्हा वाटेवर अडतो.

दुसरे कारण कुष्ठरोग. १९८१ पासून बहुविध औषधोपचाराची शिफारस झाली आणि रोग निश्चितपणे बरा होऊ लागला. भारतात २००५ च्या अखेरीस देशपातळीवर दर दहा हजार लोकांमागे रुग्णांचे प्रमाण एकाहून खाली आल्याचे जाहीर झाले. परंतु जंतू मेले तरी मेलेले मज्जातंतू परत येत नाहीत. तळपायाची संवेदना गेलेल्या माणसाला काटा, खडा वा चटका कळत नाही. जखम चिघळते, हाडापर्यंत जाते आणि पाय झडतो. शहरात अशा माणसाला मऊ रबराचे पायताण पुरते. अनवाणी किंवा पातळ चपलेने रान तुडवणाऱ्या माणसाला मात्र रोज सायंकाळी पाय धुऊन, पाण्यात भिजवून, डोळ्यांनी तपासण्याची सवय लावून घ्यावी लागते. हा उपाय स्वस्त आहे. पण तो कोणीतरी घरी येऊन, त्याच्या भाषेत, पुनःपुन्हा शिकवावा लागतो.

तिसरे कारण अस्वलाचा हल्ला. मोहफुले अस्वलालाही प्रिय असतात आणि तेही पहाटेच झाडाखाली येते. दोघांची गाठ अंधारात पडते. अस्वल उभे राहून डोक्यावर व तोंडावर पंजे मारते. माणूस वाचला तरी डोळा, नाक, जबडा जाऊ शकतो. बाबा आमटे यांनी १९७३ च्या डिसेंबरात भामरागडजवळ हेमलकसा येथे लोकबिरादरी प्रकल्प सुरू केला. तेथे डॉ. प्रकाश आमटे आणि डॉ. मंदाकिनी आमटे यांनी सुरुवातीच्या काळात विजेवाचून व शस्त्रक्रियागृहावाचून असे रुग्ण शिवून बरे केले, हे सर्वश्रुत आहे. जीव वाचवण्याचे ते काम मोठेच होते. पण चेहरा विद्रूप झालेल्या, एका डोळ्याने जगणाऱ्या त्या माणसाला पुढच्या मार्चमध्ये पुन्हा त्याच झाडाखाली पहाटे जावे लागते, हा प्रश्न दवाखान्याच्या कक्षेत येत नाही.

५. साधने आणि भूमी

अपंगांना साधने वाटणे ही कल्याणकार्याची रूढ रीत आहे. चाकखुर्ची, तीनचाकी सायकल, कुबड्या, कृत्रिम पाय ही साधने वाटताना ती कोणत्या जमिनीवर वापरली जाणार, याचा विचार क्वचितच होतो. चाकखुर्ची ही मुळात सपाट फरशी आणि फरसबंद रस्ता यांची सोबतीण आहे. पाऊलवाटेवर, धानाच्या बांधावर आणि उंच उंबरठ्याच्या घरात ती अडगळ होते.

याउलट भूमीचा विचार करून घडवलेल्या साधनाचे उत्तम उदाहरण म्हणजे जयपूरचा पाय. १९६० च्या दशकाच्या अखेरीस रामचंद्र शर्मा या कारागिराने आणि डॉ. प्रमोद करण सेठी या शल्यविशारदाने तो तयार केला. त्यापूर्वीचे परदेशी धर्तीचे कृत्रिम पाऊल बुटात घालून वापरावयाचे असे. ते ताठर होते. त्यावर उकिडवे बसता येत नसे, मांडी घालता येत नसे, चिखलात उतरता येत नसे. रुग्ण ते पाऊल घरी नेत आणि टांगून ठेवीत. रबर व लाकूड यांपासून बनवलेल्या नव्या पावलाला बुटाची गरज नव्हती. ते चारही बाजूंना वाकत असे, पाण्यात भिजले तरी चालत असे आणि त्यावर शेतात काम करता येत असे. येथे शरीराला साधनाशी जुळवून घ्यायला न लावता साधनच जीवनपद्धतीशी जुळवून घेण्यात आले.

तरीही एक मर्यादा उरते. कृत्रिम पाय झिजतो, वाढत्या मुलाला तोकडा होतो, उरलेला पाय ज्या पोकळीत बसतो ती पोकळी सैल पडते. दुरुस्तीची सोय दूरच्या शहरात असेल, तर एक खिळा निखळल्याने मनुष्य पुन्हा काठीवर येतो. शिबिरात पाय मिळाला, एवढ्याने पुनर्वसन होत नाही; पाय दुरुस्त करणारा हात जवळ असावा लागतो.

६. भाषा आणि शाळा

बहिऱ्या मुलाची स्थिती आणखी गुंतागुंतीची आहे. घरी माडिया ही द्राविड कुळातील बोली, शाळेत मराठी, आणि त्याला स्वतःला हवी ती खुणांची भाषा. घरातली माणसे नित्य व्यवहारापुरत्या खुणा तयार करतात आणि त्यांवर मुलाचे घरकाम निभावते. परंतु अशा घरगुती खुणांत कालचा प्रसंग, उद्याचा बेत, कथा किंवा शंका सांगणे फार कठीण. भारतीय खुणांच्या भाषेसाठी केंद्र सरकारची संस्था २०१५ साली स्थापन झाली व पुढे शब्दकोशही निघाला. पण ती भाषा शिकण्यासाठी मुलाला दूरच्या निवासी शाळेत जावे लागते. तेथे त्याला भाषा आणि मित्र मिळतात, पण गाव सुटते. परत आल्यावर त्याने शिकलेल्या खुणा आई-बापांना कळत नाहीत. येथे शिक्षण मुलाला मिळून भागत नाही. कुटुंबाला आणि काही अंशी गावालाही ते मिळावे लागते.

७. दाखला आणि टक्केवारी

शासनाच्या बहुतेक योजनांचे दार अपंगत्वाच्या दाखल्याने उघडते. १९९५ च्या कायद्यापासून २०१६ च्या कायद्यापर्यंत चाळीस टक्के ही सीमारेषा कायम आहे. जून २०२१ पासून दाखला संगणकीय प्रणालीतूनच देणे बंधनकारक झाले. यामुळे बनावट दाखल्यांना काही आळा बसला असेल; पण जेथे दूरध्वनीची लहर पोचत नाही, तेथे अर्जालाच प्रवास करावा लागतो. अर्जामागून अपंग व्यक्तीला तपासणीसाठी प्रवास करावा लागतो. ज्याला चालता येत नाही, त्याने आपल्याला चालता येत नाही हे सिद्ध करण्यासाठी सर्वांत लांब चालून यावे, असा हा क्रम आहे.

टक्केवारीच्या पद्धतीतही एक मूलभूत उणीव आहे. ती अवयवाची हानी मोजते; परिसर मोजीत नाही. नागपुरात पक्क्या रस्त्यावर राहणारा आणि नाल्यापलीकडच्या पाड्यात राहणारा, अशा दोघांचा पाय गुडघ्याखाली सारखाच तुटला असेल, तर दोघांचे शेकडा प्रमाण सारखेच येते. एकाची नोकरी टिकते. दुसऱ्याचा मोह, तेंदू आणि बाजार एकदम सुटतो. आरंभी उल्लेखिलेल्या वर्गीकरणातील पहिली पायरी दाखल्यावर येते. तिसरी येत नाही.

२०११ च्या जनगणनेत देशात २.६८ कोटी अपंग व्यक्ती नोंदल्या गेल्या. त्यांपैकी ६९ टक्के ग्रामीण भागात होत्या. एकूण लोकसंख्येत हे प्रमाण २.२१ टक्के असताना अनुसूचित जमातींत ते २.०५ टक्केच आढळले. यावरून आदिवासींत अपंगत्व कमी, असा निष्कर्ष काढणे घाईचे ठरेल. ज्या समाजात तपासणी पोचत नाही, तेथे सिकलसेल अंगदुखी म्हणून, बहिरेपण मंदबुद्धी म्हणून आणि अंधत्व म्हातारपण म्हणून नोंदीबाहेर राहते. आणि काही मुले नोंद होण्याइतकी जगतही नाहीत.

८. उपायांची दिशा

वरील विवेचनावरून उपायांची दिशा स्पष्ट होते. अपंग व्यक्तीला सेवेपर्यंत न आणता सेवेने तिच्यापर्यंत जावे, आणि जाताना भूमीला साजेसे रूप घ्यावे. हे अशक्य नाही, याचा पुरावा याच जिल्ह्यात आहे. डॉ. अभय बंग व डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ या संस्थेने १९९० च्या दशकात गडचिरोलीतील ३९ गावांत स्थानिक स्त्रियांना आरोग्यदूत म्हणून शिकवून नवजात बालकांची घरोघर काळजी घेण्याचा प्रयोग केला. १९९९ साली प्रसिद्ध झालेल्या त्याच्या निष्कर्षांनुसार नवजात मृत्यूंचे प्रमाण ६२ टक्क्यांनी घटले. जे काम रुग्णालयातच होऊ शकते असे मानले जात होते, ते गावातल्या स्त्रीने केले. सुन्न पायांची तपासणी, सिकलसेलच्या रुग्णाला पाणी व विश्रांतीची आठवण, कृत्रिम पायाची किरकोळ दुरुस्ती, बहिऱ्या मुलाच्या घरात खुणांचे शिक्षण ही कामे त्याहून अवघड नाहीत.

दुसरे साधन ग्रामसभेचे. २००६ च्या वनहक्क कायद्याखाली धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गावाला २००९ साली सामूहिक वनहक्क मिळाला आणि त्यानंतर जिल्ह्यातील अनेक ग्रामसभांच्या हाती बांबू व तेंदू यांचा व्यवहार आला. पुडकी बांधणाऱ्या हाताचे नाव मजुरीच्या हिशेबात लिहावे की नाही, हे आता बाहेरचा ठेकेदार ठरवीत नसून गाव ठरवू शकते. रोजगार हमीच्या कायद्यांनी अपंगांना झेपेल असे काम व समान मजुरी हे तत्त्व पूर्वीच मान्य केले. ते रानाच्या व्यवहारालाही लागू करणे ग्रामसभेच्या कक्षेतील गोष्ट आहे.

तिसरी गोष्ट ऋतूची. पावसाळ्यात तुटणाऱ्या गावांसाठी शिधावाटपाचे धान्य आधीच पोचवण्याची पद्धत या जिल्ह्यात रुळलेली आहे. प्रसूतीचे दिवस जवळ आलेल्या स्त्रियांना आरोग्य केंद्राजवळच्या ‘माहेरघरा’त आधी आणून ठेवण्याची योजनाही येथे राबवली गेली. धान्य आणि बाळंतपण या दोन बाबतींत अंतर व ऋतू ही खरी अडचण आहे, हे शासनाने अशा रीतीने मान्य केले आहे. अपंगत्वालाही तोच न्याय लावता येईल. मृग नक्षत्रापूर्वी प्रत्येक पाड्यातील अपंग व्यक्तींची यादी व्हावी; वैद्यकीय मंडळाने तालुक्यात येऊन दाखले द्यावेत; सिकलसेलच्या रुग्णांचे रक्त तपासून चार महिन्यांचे औषध घरी पोचवावे; कृत्रिम पाय, काठ्या व पायताणे दुरुस्त व्हावीत; आणि नाल्यापलीकडे कोणाला खाटेवरून आणावे लागेल, हे गावातल्या चार माणसांना आधी ठाऊक असावे. यांतील एकही गोष्ट नव्या शोधाची वाट पाहणारी नाही. नाला भरण्यापूर्वी ती व्हावी, एवढीच तिची अट आहे.